डबा उघडण्याआधी: जुन्या सिनेमाची प्रिंट वाचवायची तर क्रमाने काय करायचं

दर पावसाळ्याच्या तोंडावर मला एकाच अर्थाचे दोन-तीन फोन येतात. "माळा आवरताना सिनेमाचे डबे सापडले. आंबूस वास मारत होता म्हणून गच्चीवर उन्हात मांडलेत. पुढे काय करायचं?" पुढचं राहू द्या. आधी ते गच्चीवरून खाली आणा.

पुण्यात आणि आसपास अशा प्रिंट अजून निघतात. जत्रेत तंबू लावणाऱ्यांच्या घरी, बंद पडलेल्या टॉकीजच्या मागच्या खोलीत, फिल्म सोसायटीच्या कपाटात, कधी जुन्या बाजारात भंगाराच्या ढिगाशेजारी. सापडणाऱ्याचं प्रेम खरं असतं आणि घोळही त्या प्रेमापोटीच होतो. मी पाहिलेलं बरंचसं नुकसान डबा उघडल्यानंतरच्या पहिल्या अर्ध्या तासातलं आहे. कुणी रीळ थेट प्रोजेक्टरवर चढवतं, कुणी चिकटलेले वेढे नखाने सोडवतं, कुणी ओल्या फडक्याने पुसतं. म्हणून खालचा क्रम मोडू नका. एक टप्पा पुरा झाल्याशिवाय पुढच्याला हात नको.

१. मालकी आणि हक्क

डबा तुमच्या घरात आहे म्हणून सिनेमा तुमचा होत नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटावरचा हक्क प्रदर्शनानंतरच्या पुढच्या १ जानेवारीपासून ६० वर्षं चालतो. १९६० साली लागलेल्या सिनेमाचा हक्क २०२० च्या अखेरीस संपला. पण कथा, गीतं आणि संगीत यांचे हक्क वेगळे, आणि ते त्या-त्या माणसाच्या निधनानंतर ६० वर्षं टिकतात. तेव्हा "जुना आहे, टाका यूट्यूबवर" हा सल्ला देणाऱ्याकडून पुढे वकिलाची फीही घ्या. शिवाय बऱ्याच प्रिंट मुळात वितरकाच्या असत आणि नुसत्या भाड्याने फिरत. डबे कुणी, कधी, कोणत्या शब्दांवर दिले ते एका कागदावर लिहून देणाऱ्याची सही घ्या. दहा मिनिटांचं काम आहे.

२. खोली, टेबल, हत्यारं

स्वयंपाकघर नको, देवघर नको. उदबत्तीची राख आणि फोडणीचा धूर दोन्ही इमल्शनवर, म्हणजे फिल्मवरच्या चित्राच्या थरावर, जाऊन बसतात. छताचा पंखा बंद ठेवा. टेबल पुसून वर पांढरं प्लॅस्टिक अंथरा, म्हणजे काय गळतंय ते दिसेल.

हाताशी असावं ते असं: रीळ फिरवून उलगडायला टेबलाला घट्ट आवळलेले दोन हाताचे रिवाइंडर, खालून उजेड देणारा लाइट बॉक्स, दहापट भिंग, मीटरभर लांबीची स्टीलची पट्टी, फिल्म कापून जोडायचा स्प्लायसर आणि फिल्मचीच जोडपट्टी, रीळ गुंडाळायला प्लॅस्टिकचे कोअर, नवे प्लॅस्टिकचे डबे, एन-९५ मास्क आणि वही. पट्टी, मास्क, आयसोप्रोपिल अल्कोहोल हे रविवार पेठेत बोहरी आळीच्या आसपास फिरलात तर मिळून जातं. स्प्लायसर आणि रिवाइंडर मात्र एखाद्या निवृत्त ऑपरेटरकडेच मिळतील. ते घ्यायला जाल तेव्हा चहा प्यायला थांबा. रीळ हातात कसं धरायचं ते कुठल्याही लेखापेक्षा तिथे लवकर कळतं.

हातमोज्यांबद्दल माझं मत थोडं वेगळं आहे. सुती मोजे छान दिसतात, पण फिल्मच्या कडेच्या फाटलेल्या भोकांत त्यांचा धागा अडकतो आणि फाट वाढते. मी पावडर नसलेले नायट्राइलचे वापरतो.

*थांबा.* बाहेर पाऊस असेल तर डबा उघडूच नका. खोलीतली आर्द्रता ५५-६० टक्क्यांच्या वर असेल तर इमल्शनमधलं जिलेटिन पाणी ओढतं. माझी पहिली प्रिंट मी जूनच्या एका संध्याकाळी सदाशिव पेठेतल्या खोलीत उघडली, थोडी पाहिली आणि "सकाळी बघू" म्हणून रीळ तसंच टेबलावर सोडून झोपलो. सकाळी वरचे तीन-चार वेढे एकमेकांना चिकटलेले होते. सोडवले तेव्हा नायिकेचा अर्धा चेहरा पुढच्या वेढ्याच्या पाठीवर उतरला. दिवाळी ते होळी हा आपल्याकडचा कामाचा हंगाम. आषाढात डबे सापडले तर बंदच ठेवून घरातल्या सगळ्यात थंड, कोरड्या खोलीत आडवे ठेवा आणि वाट बघा.

३. नाक आणि डोळे: बेस कोणता?

रीळ उलगडण्याआधी फिल्म कशावर बनलीय ते ठरवा. तीन शक्यता आहेत.

*नायट्रेट.* कोडॅकने याचं उत्पादन १९५१ साली थांबवलं, त्यामुळे पन्नाशीच्या सुरुवातीपर्यंतच्या ३५ मिलिमीटर रुंदीच्या प्रिंटबद्दल संशय धराच. कडेला इंग्रजीत 'नायट्रेट' छापलेलं असू शकतं. सडू लागली की उग्र आम्लाचा वास येतो, वेढे चिकट होतात, चित्र पिवळसर-तपकिरी पडतं, शेवटी तपकिरी भुकटी उरते. नायट्रेट जळताना स्वतःच ऑक्सिजन पुरवतं, म्हणून पाण्याखालीही जळतं. जानेवारी २००३ मध्ये लॉ कॉलेज रोडवरच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची नायट्रेट रिळं जळाली. जिथे तज्ज्ञांच्या देखरेखीखाली असं होतं, तिथे तुमच्या फ्लॅटचं काय घेऊन बसलात?

*थांबा.* नायट्रेटचा संशय आला की तुमचं काम इथे संपलं. डबा उगाच हलवू नका, उन्हापासून आणि गॅसपासून लांब ठेवा, कुरियरने किंवा एसटीने पाठवू नका. पुण्यातल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा आणि ते सांगतील तसं करा. "खात्री करायला एक तुकडा जाळून पाहिला" असं मला एकाने सांगितलं होतं. खात्री झाली, आणि भुवई गेली.

*अॅसिटेट.* सापडणाऱ्या प्रिंटपैकी बहुतेक याच असतात. आपल्याकडच्या १६ मिलिमीटरच्या जुन्या प्रिंटही जवळपास सगळ्या याच. कडेला इंग्रजीत 'सेफ्टी' लिहिलेलं असतं. पण कडेची अक्षरं कधी निगेटिव्हवरून छापून आलेली असतात, म्हणून एकाच खुणेवर विसंबू नका. हिचा रोग म्हणजे व्हिनेगर सिंड्रोम. बेस कुजून अॅसिटिक आम्ल सुटतं आणि ते आम्लच कुजणं आणखी वाढवतं. उन्हात ठेवल्यावर वास कमी झाल्यासारखा वाटतो, पण उष्णतेने आतली क्रिया उलट वेग धरते. म्हणून तर गच्चीवरून खाली आणा म्हटलं.

*पॉलिएस्टर.* नव्वदीनंतरच्या प्रिंट. गुंडाळलेलं रीळ कडेने उजेडासमोर धरलं तर आरपार उजेड झिरपतो. अॅसिटेट काळंच राहतं. पॉलिएस्टर हाताने फाटत नाही, पण ते तपासायला फाडून पाहू नका.

वास नाकावर सोडू नका, कारण तासाभराने नाकाला तो कळेनासा होतो. आम्ल असेल तसा रंग बदलणाऱ्या, ए-डी स्ट्रिप नावाच्या कागदी पट्ट्या मिळतात. एक पट्टी डब्यात ठेवून झाकण लावा आणि २४ तासांनी पाहा. निळीच राहिली तर ठीक, हिरवट झाली तर घाई करा, पिवळी पडली तर बाकी सगळी कामं बाजूला ठेवून आधी स्कॅनचं बघा. पिवळ्या पट्टीचे डबे बाकीच्यांपासून वेगळ्या खोलीत हलवा.

४. डबा फेकू नका

गंजलेला डबा पाहिला की पहिला हात कचऱ्याच्या टोपलीकडे जातो. त्या डब्यावर रिळाचा नंबर, वितरकाचा शिक्का, गावोगावच्या चिठ्ठ्या, कधी खडूने लिहिलेलं "गाणं २ कट" असं असतं. प्रत्येक डब्याचे वरून, खालून आणि कडेने फोटो काढा. मग रीळ नव्या प्लॅस्टिकच्या डब्यात हलवा आणि जुना नंबर जसाच्या तसा लिहा, चुकीचा वाटला तरी. डब्यावर ७ आणि आत रीळ ४ असं सर्रास असतं. तोही पुरावाच आहे.

घरातले घट्ट झाकणाचे पिठाचे डबे यासाठी वापरू नका. व्हिनेगरचा वास येणारी फिल्म खोलीच्या तापमानाला हवाबंद केली तर आम्ल आतच कोंडतं.

५. आकसणं मोजा

हा टप्पा जवळजवळ सगळे गाळतात आणि मग स्कॅनरवर फिल्म फाटली की दोष स्कॅनरवाल्याला देतात.

सुरुवातीचा फूटभर लीडर, म्हणजे चित्राआधीची कोरी पट्टी, सोडा. पुढचा भाग लाइट बॉक्सवर सपाट ठेवा, ताणू नका. एका भोकाच्या कडेपासून त्यापुढच्या शंभराव्या भोकाच्या त्याच कडेपर्यंतचं अंतर मोजा. ३५ मिलिमीटरच्या ताज्या प्रिंटमध्ये हे ४७५ मिलिमीटर येतं, १६ मिलिमीटरमध्ये ७६२. ३५ ची लांबी ४७१ भरली तर आकसणं ०.८ टक्क्यांच्या आसपास गेलं. ही प्रिंट प्रोजेक्टरवर चढवायची नाही. ४७० च्या खाली असेल तर भोकांत दाते अडकवून फिल्म ओढणाऱ्या कुठल्याच यंत्रात घालायची नाही.

*तपासा.* रिळाच्या सुरुवातीला, मध्यावर आणि शेवटी अशा तीन जागी मोजा. बाहेरचे आणि आतले वेढे सारखे आकसत नाहीत. मधला आणि शेवटचा आकडा पुढच्या टप्प्यात उलगडताना घ्या. तिन्ही आकडे वहीत लिहा, स्कॅनिंगवाला विचारेलच. विचारलं नाही तर दुसरा शोधा.

६. हाताने तपासणी

आता रीळ रिवाइंडरवर चढवा आणि डाव्या हाताच्या चिमटीत दोन्ही कडा हलक्या धरून अगदी सावकाश फिरवा. बोटांना फाट डोळ्यांच्या आधी कळते. ३०० मीटरच्या एका रिळाला मला दोन तास लागतात. तुम्हाला वीस मिनिटं लागली तर तुम्ही तपासलेलं नाही.

आधी टोक कोणतं ते बघा. ऑपरेटर शेवटच्या खेळानंतर रीळ न उलटता ठेवून देत, म्हणून पुष्कळदा वर शेपूट, म्हणजे रिळाचा शेवट, असतं. मग पहिल्या रिळातल्या सेन्सॉर प्रमाणपत्रावर थांबा आणि भिंगातून वाचा. त्यावर प्रमाणपत्र क्रमांक, तारीख, रिळांची संख्या आणि लांबी असते, जुन्यांत फुटांत, नंतरच्यांत मीटरमध्ये. त्रिकोणाची खूण दिसली तर सेन्सॉरने कात्री लावलेली आहे, तेव्हा ते तुकडे शोधत बसू नका.

लांबीवरून हिशेब मांडा. ३५ मिलिमीटरची फिल्म मिनिटाला ९० फूट, म्हणजे २७.४ मीटर धावते. प्रमाणपत्रावर ३,८३६ मीटर असतील तर सिनेमा १४० मिनिटांचा. तुमच्याकडची सगळी रिळं मिळून ३,५६२ मीटर भरत असतील तर दहा मिनिटं कुठेतरी गेली आहेत. १६ मिलिमीटरच्या प्रिंटवर ३५ च्या प्रमाणपत्राचा फोटो असू शकतो. तिथे लांबी अडीचने भागा, नाहीतर निम्म्याहून जास्त सिनेमा हरवला म्हणून उगाच छाती पिटाल.

गेलेली मिनिटं बहुतेक वेळा दोन ठिकाणी सापडतात. एक, प्रत्येक रिळाचं तोंड आणि शेपूट, कारण झीज तिथेच. दोन, गाणी. खेळ लवकर संपवायला गाणं काढून टाकायचे, आणि पब्लिकने "वन्स मोअर" दिला की तोच भाग मागे फिरवून पुन्हा लावायचे. नारायणगावकडच्या एका तंबूवाल्याची प्रिंट माझ्याकडे होती. सहाव्या रिळातल्या एका लावणीत, जेमतेम साडेतीन मिनिटांत, मी एकोणीस जोड मोजले. आधीच्या पाच रिळांत मिळून अकरा होते. सिनेमा कशासाठी चालला हे मला त्या वहीतल्या आकड्यांनी सांगितलं.

प्रत्येक जोड, फाट, तुटलेलं भोक, बुरशीचा डाग असं सगळं फुटांच्या हिशेबाने वहीत उतरवा. रिळाच्या शेवटाकडे उजव्या वरच्या कोपऱ्यात गोल खुणा दिसतील, पहिली खूण रीळ संपण्याआधी साधारण आठ सेकंद, दुसरी एक सेकंद. त्या चेंजओव्हरच्या, म्हणजे एका प्रोजेक्टरवरून दुसऱ्यावर जाण्याच्या. दोन्ही शाबूत असतील तर रिळाचं शेपूट जवळजवळ पुरं आहे असं समजा.

*थांबा.* वेढे सैल वाटले म्हणून शेपूट ओढून रीळ घट्ट करू नका. वेढ्यावर वेढा घासून पूर्ण रिळावर उभे ओरखडे पडतात. जुने ऑपरेटर हे डोळे झाकून करत, कारण प्रिंट त्यांची नव्हती.

७. जोड

फक्त यंत्रात तुटेल तेवढंच जोडा. दिसायला वाईट पण घट्ट असलेला जुना जोड तसाच राहू द्या. अॅसिटेटला सिमेंटचा किंवा पट्टीचा जोड चालतो, पॉलिएस्टरला सिमेंट धरतच नाही, पट्टीच लागते. आतली चौकट (फ्रेम) कापून टाकायचा मोह आवरा. फाटलेली चौकटही स्कॅनमध्ये दुरुस्त करता येते, कापलेली येत नाही. घरातली साधी चिकटपट्टी कधीच नको. तिचा डिंक वर्षभरात ओघळतो आणि शेजारच्या दोन्ही वेढ्यांना धरतो.

८. सफाई

पाणी नाही, साबण नाही, रॉकेल-पेट्रोल नाही. अॅसिटोन तर मुळीच नाही, त्यात अॅसिटेट विरघळतं.

आधी मऊ ब्रशने कोरडी धूळ काढा. बुरशी असेल तर मास्क लावून, उघड्या हवेत, सावलीत. मग ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलने धागे न सोडणारं कापड किंचित ओलं करा आणि चकचकीत बाजू, म्हणजे बेसची बाजू, पुसा. मंद दिसणारी बाजू इमल्शनची. तिच्यावर आधी लीडरजवळ इंचभर करून पाहा. कापडावर रंग आला की थांबा. द्रव पूर्ण उडाल्याशिवाय फिल्म गुंडाळायची नाही. कापडाची घडी सतत बदलत राहा, नाहीतर आधीच्या दहा फुटांतली वाळू पुढच्या शंभर फुटांवर घासाल.

बुरशीने इमल्शन मऊ पडलेलं असेल, किंवा पट्टी पिवळी आली असेल, तर ओली सफाई करूच नका. थोडी धूळ घेऊन स्कॅन झालेलं परवडतं.

९. स्कॅन

भिंतीवर दाखवून मोबाइलने किंवा कॅमेऱ्याने काढलेलं चित्रण म्हणजे स्कॅन नव्हे. आकसलेली प्रिंट त्यासाठी प्रोजेक्टरवर घालणं म्हणजे तर आठवणीसाठी वस्तू मोडणं.

स्कॅनिंगवाल्याला हे विचारा. फिल्म दात्यांवर चालते की रोलरवर? रोलरवरच हवी. भोकं आणि साउंडट्रॅकसकट पूर्ण रुंदी टिपणार का? भोकं चित्रात असली की पुढे थरथर काढणं सोपं जातं. फाइल कोणती देणार? दाबलेली एमपी-फोर नको. डीपीएक्स, म्हणजे प्रत्येक चौकटीची वेगळी फाइल, किंवा चित्राला तोटा न करता दाबणारा एफएफव्ही-१ हवा. वेग २४ चौकटीच ठेवणार ना? २५ केला की लांबी आणि आवाजाचा सूर दोन्ही बदलतात. मूकपट असेल तर २४ सुद्धा गृहीत धरू नका.

जागेचा हिशेब आधीच करा. टू-के (सुमारे दोन हजार ठिपके रुंद) स्कॅनची एक १० बिट डीपीएक्स चौकट सुमारे १२.७ एमबी, त्याच्या दुप्पट रुंद फोर-केची ५१. १४० मिनिटांच्या सिनेमात २,०१,६०० चौकटी, म्हणजे टू-केत अडीच टीबी आणि फोर-केत दहाच्या वर. आणि याच्या दोन प्रती लागतात. हार्ड डिस्क न घेता स्कॅनिंगला गेलेले लोक "तात्पुरतं छोट्या फाइलमध्ये द्या" म्हणतात, आणि तात्पुरतं तेच कायमचं होतं.

गुलाबी पडलेल्या ईस्टमन कलर प्रिंटबद्दल एकच सांगतो. निळसर हिरवा रंग आधी उडालेला असतो, त्यामुळे स्कॅनमधला लाल चॅनल अगदी पातळ येतो. तो नंतर संगणकावर ताणला की खरखर दिसते. स्कॅन करतानाच तिन्ही चॅनलना वेगवेगळं एक्स्पोजर द्यायला सांगा.

१०. आवाज जुळवणं

३५ मिलिमीटरच्या ऑप्टिकल ट्रॅकवर, म्हणजे चित्राशेजारी छापलेल्या आवाजाच्या पट्टीवर, आवाज चित्राच्या २१ चौकटी पुढे छापलेला असतो, १६ मध्ये २६. चित्रातूनच आवाज काढला असेल तर तेवढा मागे सरकवावा लागतो. जोडाच्या जागी याचीच गंमत होते. चित्र उडी मारतं एका क्षणी, आणि आवाज जवळजवळ सेकंदभर नंतर उडी मारतो. तो दोष स्कॅनचा नाही.

*तपासा.* प, ब, म ओठ मिटून होतात. "बाप", "मामा" असा शब्द असलेला जवळचा शॉट शोधा आणि ओठ मिटतात ती चौकट आवाजाशी लावून बघा. ढोलकीवर पडणारी थापही चालते. प्रत्येक रिळासाठी वेगळं तपासा.

११. संगणकावरची दुरुस्ती

पहिला नियम: कच्च्या स्कॅनला हात लावायचा नाही. त्याची प्रत काढून प्रतीवर काम.

धूळ आपोआप काढणारं सॉफ्टवेअर एकाच चौकटीत दिसून नाहीशी होणारी प्रत्येक गोष्ट घाण समजतं. जेजुरीच्या एका दृश्यात त्याने उधळलेला भंडारा साफ पुसून टाकला. लोक रिकामे हात हवेत फेकताना दिसत होते. पाऊस, ठिणग्या, शालूवरची टिकली यांचंही तेच. अशा शॉटमध्ये यंत्र बंद करून चौकट-चौकट हाताने बघा.

फिल्मचे कण म्हणजे घाण नव्हे. ते घासून काढलेत तर चेहरे मेणाचे होतात. रंग ठरवताना आठवणीतल्या रंगापेक्षा प्रिंटच्या न उडालेल्या भागावर भरवसा ठेवा. रिळाच्या आतल्या वेढ्यांत किंवा कडेला कधी बरा रंग टिकलेला असतो. चेंजओव्हरच्या खुणा, मध्यंतराची पाटी, प्रमाणपत्र सगळं राहू द्या. स्कोप प्रिंट, म्हणजे रुंद चित्र आडवं दाबून छापलेली, आडवी दुप्पट पसरायला विसरू नका. उंच-सडपातळ नायक पाहून खूश झालेले लोक मी पाहिलेत.

१२. मूळ प्रिंट आणि फाइल

स्कॅन झालं म्हणून प्रिंट भंगारात जात नाही. दहा वर्षांनी बरा स्कॅनर येईल. डबे आडवेच ठेवा, एकावर एक पाच-सहाच्या वर नकोत. फ्रीजरमध्ये ठेवायचं तर दोन झिपच्या पिशव्यांत, आत आर्द्रता दाखवणारं कार्ड घालून. बाहेर काढल्यावर २४ तास पिशवी उघडायची नाही, नाहीतर फिल्मवर दव धरतं. घरी हे जमणार नसेल तर संग्रहालयाकडे द्या. जाण्याआधी कळवा आणि सहाव्या टप्प्यातली वही सोबत न्या. वहीसकट आलेल्या डब्यांकडे वेगळ्या नजरेने बघतात.

फाइलच्या दोन प्रती दोन वेगळ्या घरांत ठेवा. प्रत्येक फाइलचा चेकसम, म्हणजे फाइल बिघडली तर बदलणारा आकडा, काढून तो वहीत आणि डिस्कवर दोन्हीकडे लिहा. वर्षातून एकदा डिस्क लावून चेकसम पुन्हा मोजा. तारीख लक्षात राहावी म्हणून आम्ही खंडेनवमी धरली आहे. रिवाइंडरला हळदकुंकू लागतं, डिस्क रात्रभर फिरतात. हळदकुंकवाचं तबक मात्र फिल्मच्या टेबलापासून चार हात लांब.